मग ते गेले कशाला?

हल्ली मुंबईहून पाहुणे आले की किल्ला झाला, बीच झाला, की लगेच ‘ते सिनेगॉग दाखव ना, रीलमध्ये पाहिलंय’ असं सुरू होतं. मी नेते. अलिबागच्या इस्राएल आळीतलं मागेन अबोथ, बेने इस्राएलांचं, म्हणजे कोकणातल्या मराठी ज्यूंचं प्रार्थनामंदिर, १८४८ साली बांधलेलं, नंतर १९१० मध्ये पुन्हा नवीन केलेलं. बाहेर उभं राहून मला जेवढं माहितीये तेवढं सांगते, नवगावला फुटलेलं जहाज, वाचलेली सात जोडपी, तेलाचे घाणे, शनिवारची सुट्टी, म्हणून शनिवार तेली हे नाव, आणि सगळं ऐकून झाल्यावर कुणीतरी विचारतंच, मग ते गेले कशाला? इथे काही त्रास झाला का त्यांना?

नाही झाला. हे उत्तर खरं आहे आणि मला त्याचा मनापासून अभिमान आहे. युरोपात काय झालं ते आपण वाचलंय, आणि कोकणात शेकडो वर्षांत बेने इस्राएल लोकांवर धर्मासाठी कुणी हात उगारला नाही हे ते स्वतःही सगळीकडे सांगतात, तिकडे इस्राएलमध्ये गेलेलेसुद्धा सांगतात. पण हे उत्तर दिलं की विषय संपतो. पाहुणे खूश, आपणही खूश, आपण किती चांगले यावर सगळ्यांचं एकमत. आणि मला दर वेळी वाटत राहतं की खरी गोष्ट तर आपण सांगितलीच नाही. त्रास नव्हता, तरी १९५१ च्या सुमाराला वीसेक हजार असलेला हा समाज पुढच्या वीस-पंचवीस वर्षांत एवढा रिकामा झाला की आज देशातले सगळे ज्यू मिळून चार-पाच हजार असतील, तेही बहुतेक मुंबई-ठाण्यात. हे झालं कसं? कुणी हाकललं नाही, मग ठरवलं कुणी?

आमचं घर आळीला लागून. मधे एक विहीर आणि फणसाचं झाड. त्यामुळे मी जे सांगतेय ते थोडं वाचलेलं आहे आणि बरंचसं शेजारच्या मावशींच्या ओटीवर बसून ऐकलेलं. मावशी बेने इस्राएल, आता ऐंशीच्या पुढे, आई त्यांना वयनी म्हणायची आणि त्यांचे मिस्टर आमचे काका. नावं लिहीत नाही, त्यांना आवडणार नाही.

आता शेजार म्हणजे काय ते आधी सांगते कारण ते कळल्याशिवाय पुढचं कळणार नाही. शुक्रवारी संध्याकाळी त्यांच्याकडे काचेच्या ग्लासात तेल-पाणी घालून दिवा लागायचा आणि आमच्याकडे तुळशीपाशी लागायचा, साधारण एकाच वेळेला. मासेवाली आली की मावशी टोपली खाली ठेवायला लावून खवले आणि पर असलेलेच मासे घेणार, पापलेट, सुरमई, रावस, आणि कोळंबी, चिंबोऱ्या आमच्याकडे. मटणाला दही नाही, नारळाचं दूध. त्यांच्या नव्याच्या सणाला, म्हणजे रोश हशानाला, चिकाचा हलवा यायचा, गव्हाचा चीक आणि नारळाचं दूध घालून तासन् तास ढवळलेला, एवढा सुंदर हलवा मी आजवर कुठल्याही दुकानात खाल्लेला नाही. जेरुसलेमचं मंदिर पाडलं त्या दिवसाचं दुःख जगभरचे ज्यू उपास करून पाळतात, आमच्याकडे त्याला बिरड्याचा सण म्हणायचे आणि उपास सुटला की वालाचं बिरडं. आता वाल सोलायला सगळी आळी आणि आम्ही, मग कुणाचं दुःख आणि कुणाचा वाल हे वेगळं काढणार कसं?

लग्नात मेंदी, हिरवा चुडा, मंगळसूत्र. आडनावं गावांवरून, रोहेकर, पेणकर, दिवेकर, किहीमकर, अष्टमकर. जुन्या पिढीची नावंसुद्धा सामाजी, हसाजी, बन्नाजी. मुंबईत मांडवीला १७९६ मध्ये पहिलं सिनेगॉग ज्यांनी बांधलं ते सॅम्युएल एझिकिएल दिवेकर म्हणजे आपल्याकडचे सामाजी हसाजी, टिपूच्या कैदेतून सुटून आले आणि नवस फेडावा तसं ते बांधलं. त्या सिनेगॉगला लोक जुनी मशीद म्हणायचे आणि मस्जिद बंदर स्टेशनचं नाव त्यावरूनच पडलं असं सांगतात. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी शेवटी तर त्यांच्यात कीर्तनं सुरू झाली, मराठीत, साकी, दिंडी, ओव्यांमध्ये, फक्त आख्यान अब्राहामाचं नाहीतर युसुफाचं नाहीतर मोशेचं. बुवा उभे, पेटी, टाळ, आणि समोर टोप्या घातलेले लोक.

पण मी हे गोड करून सांगणार नाही. बेटीव्यवहार नव्हता, दोन्ही बाजूंनी नव्हता. गावाने त्यांना जी जागा दिली ती तेल्याची, आणि ते त्या जागेवर बसले. आणि त्यांच्या आतही गोरे इस्राएल आणि काळे इस्राएल अशी फूट होती, काळे म्हणजे ज्यांची आई बाहेरच्या जातीतली होती असं मानलं जाई ते, त्यांच्याशी पूर्वी सोयरीक नाही, एका ताटात नाही. मावशी या विषयावर फार बोलत नाहीत. एकदाच म्हणाल्या, ‘तुमचं ते आम्ही सगळंच घेतलं, हेही घेतलं.’ मला ते वाक्य फार लागलं. घट्ट बांधलेला समाज म्हणताना आपण त्याची ऊब तेवढी आठवतो, कोण कुठे बसायचं ते सोडून देतो.

तर निष्ठा कुणाशी हा प्रश्न त्यांच्याकडे इस्राएल देश झाल्यावर आला असं वाटतं बऱ्याच जणांना. तसं नाहीये. तो फार आधीपासून होता आणि दर पिढीला त्याचा पत्ता बदलत गेला. आधी आंग्र्यांच्या आरमारात होते, मग इंग्रजांच्या पलटणीत, आणि तिथे सुभेदार, सुभेदार-मेजरपर्यंत चढले, नंतर पोस्ट, रेल्वे, सरकारी कचेऱ्या, शाळा, दवाखाने. इंग्रजांनी त्यांना पेन्शन दिली, शिक्षण दिलं, आणि मग इकडे स्वराज्याची चळवळ सुरू झाली. आता काय करायचं? एका घरात म्हातारा पेन्शनर सुभेदार आणि कॉलेजात जाणारा नातू, काय बोलत असतील जेवताना! १९१७ च्या सुमाराला तर समाजाच्या चक्क दोन वेगळ्या संस्था झाल्या, एक बेने इस्राएल कॉन्फरन्स आणि एक ऑल इंडिया इस्राएलाइट लीग, आणि समाजाने राजकारणात पडायचं की गप आपली सुधारणा करायची यावरून जोरदार वाद. लीगवाल्यांतले डेव्हिड एरुलकर हे तेच, जे १९१६ मध्ये टिळकांच्या खटल्यात वकील म्हणून जिनांच्या बरोबर उभे होते. आणि कॉन्फरन्सवाले डॉ. ई. मोझेस पुढे १९३७ मध्ये मुंबईचे महापौर झाले, वरळी-महालक्ष्मीचा तो रस्ता त्यांच्या नावाचा. एवढासा समाज आणि त्यातही दोन तट, आणि दोन्ही तटांत मोठी माणसं.

आणि पॅलेस्टाइनचं म्हणाल तर १८९७ मध्ये बाझलला पहिली झायोनिस्ट काँग्रेस, म्हणजे ज्यूंना पॅलेस्टाइनमध्ये स्वतःचं घर हवं म्हणणाऱ्यांची परिषद भरली तेव्हा मुंबईच्या बेने इस्राएलांना बोलावणं आलं होतं, ते गेले नाहीत. आम्हाला परत नेईल तर देव नेईल, माणसांनी नेण्यासारखं ते काम नाही, अशी त्यांची समजूत होती. अलिबागजवळ सागावला एक खडक आहे, त्यावर एलियाहू हनाबीच्या रथाच्या आणि घोड्याच्या टापांच्या खुणा आहेत असं ते मानतात, तिथून तो प्रेषित आकाशात गेला म्हणे. नवस फिटला, लग्न ठरलं, आजारातून कुणी उठलं की तिथे मलिदा करायचा, पोहे, नारळ, साखर, सुका मेवा, फळं. आता मला सांगा, ज्यांचा एलियाहू सागावहून स्वर्गात गेला ते लोक पवित्र भूमी कुठेतरी लांब आहे असं कसं मानतील? म्हणजे मानायचेच, प्रार्थनेत रोज जेरुसलेम होतं. पण प्रार्थनेतलं जेरुसलेम वेगळं आणि बोटीचं तिकीट वेगळं.

मग १९४७, १९४८. इकडे इंग्रज गेले, तिकडे देश झाला, नऊ-दहा महिन्यांच्या अंतराने. सरकारी नोकऱ्यांत आता आपल्याला कोण विचारणार अशी धास्ती होती, ती खरी होती की वाढवलेली ते सोडा पण होती. आणि देवाने नाही तर नाही पण कुणीतरी बोलावतंय खरं, हेही होतं. मी मावशींना विचारलं होतं की नक्की काय झालं, कुणी सभा घेतली, कुणी ठरवलं का सगळ्यांनी जायचं. त्या म्हणाल्या, ‘सभा कसली गो. पयला एकाचा मोठा मुलगा गेला. मग त्याच्यासाठी इथून मुलगी बघितली, ती गेली. मग तिची बहीण. मग आई आजारी, मुली तिथे, मग आई-बाप गेले. मग आळीत मुलांना मुलीच मिळेनात, म्हणून उरलेले गेले.’ आणि मग थोडं थांबून, ‘त्रास कशाला हवा? मुली सासरी जातात त्या काय माहेरी त्रास असतो म्हणून जातात?’

मला हे कुठल्याही पुस्तकातल्या कारणांपेक्षा जास्त पटतं. एकेक घराचा निर्णय, आणि प्रत्येक निर्णयामुळे पुढच्या घराला राहणं थोडं अवघड. कुणीच समाज मोडायला निघालं नव्हतं.

काका तीन भाऊ. मोठे दोघं पन्नास-साठच्या दशकात गेले, काका सरकारी नोकरी आणि म्हातारी आई यांच्यासाठी राहिले. भावांची निळी पत्रं यायची, एरोग्राम, मोडी वळणाची घाईची बालबोध अक्षरं, कडेने उभं-आडवं लिहिलेलं, कारण जागा पुरायची नाही. त्यातली काही मावशींनी मला वाचून दाखवलीत. वाळवंटात घर दिलंय, बेरशेबाला. पाणी मापून. काम बांधकामावर, इथे कारकून होतो. थंडी फार. आईला सांगू नको.

आणि तिथे त्यांना विचारलं गेलं की तुम्ही नक्की ज्यू आहात का.

हे आपल्याकडे फारसं कुणाला माहीत नसतं म्हणून सविस्तर लिहिते. १९५१-५२ मध्येच, गेल्यावर दोन-तीन वर्षांत, बऱ्याच बेने इस्राएल लोकांनी तेल अवीवला ज्यू एजन्सीच्या, म्हणजे बाहेरून आलेल्या ज्यूंना तिथे वसवणाऱ्या संस्थेच्या, दारात धरणं धरलं, आम्हाला परत भारतात पाठवा म्हणून. रंगावरून वागणूक वेगळी मिळते, कामं हलकी देतात, अशी तक्रार. शेवटी १९५२ मध्ये शंभराहून जास्त लोकांना विमानाने परत आणलं गेलं. आणि त्यांतले बरेच जण नंतर पुन्हा गेले! लोक हे ऐकून हसतात, म्हणतात काय चंचल माणसं. मला रडू येतं. घर विकलेलं, भांडी वाटून टाकलेली, इथे येऊन उतरायचं कुणाच्या दारात? आणि इथे आल्यावर तिथली ओढ. दोन्हीकडे आपलं आहे पण दोन्हीकडे टेकायला जागा नाही, अशा माणसाने काय करायचं?

आणि मग मोठा प्रकार. १९६१-६२ मध्ये तिथल्या मुख्य धर्मगुरूंच्या कचेरीकडून सूचना निघाल्या की बेने इस्राएल मुलामुलीचं लग्न दुसऱ्या ज्यूशी लावायचं असेल तर त्यांच्या आधीच्या पिढ्यांची चौकशी करा. कारण काय तर हे लोक शेकडो वर्षं बाकीच्या ज्यूंपासून तुटलेले, धर्माचे नियम यांना माहीत होते का, घटस्फोट नियमाने झाले का, नवरा मूल न होता वारला तर दिराचा जो नियम असतो तो पाळला का. आता कोकणातली परिस्थिती बघा. घटस्फोट जवळजवळ होतच नव्हते, कारण शेजारी कुणी करत नव्हतं. विधवेचं लग्न होत नव्हतं, कारण शेजारी होत नव्हतं. बीफ बहुतेक घरांत खात नव्हते, धर्मात चालतं तरीही, कारण शेजारी काय म्हणतील. म्हणजे आमच्यात राहायचं म्हणून, आमचं मन राखायचं म्हणून, आमच्या चालीला चाल मिळवून ज्या गोष्टी त्यांनी पिढ्यान् पिढ्या अंगी लावून घेतल्या, त्यातल्या काही तिकडे त्यांच्या विरुद्ध संशयाचा पुरावा झाल्या. इथे ज्याने ते गावचे झाले त्यानेच तिथे ते परके ठरायला लागले.

मला वाटतं या सगळ्या गोष्टीचा गाभा हाच आहे आणि म्हणूनच ‘आपल्याकडे त्यांना काही त्रास नव्हता’ एवढं सांगून मला गप्प बसवत नाही. चांगल्या शेजाराचीही किंमत असते, ती आपल्याला कधी दिसली नाही कारण ती दुसऱ्या देशात जाऊन त्यांनी भरली.

पण ते रडत नाही बसले. १९६४ च्या उन्हाळ्यात जेरुसलेमला ठिय्या दिला, बायकापोरांसकट, देशभरातून लोक आले. मोर्चे, उपोषणं, हे सगळं कुठून शिकले हे सांगायला नको, मुंबईतून गेलेली माणसं ती. ऑगस्टमध्ये तिथल्या संसदेने ठराव केला की बेने इस्राएल हे सर्व बाबतींत पूर्ण ज्यू आहेत, आणि महिनाअखेर धर्मगुरूंनाही ती सूचना बदलावी लागली, त्यातून बेने इस्राएलांचं नाव वगळलं गेलं. काकांचे मधले भाऊ त्या ठिय्यात होते. त्यांचं त्या वेळचं पत्र मावशींकडे आहे. त्यात जिंकल्याचा आनंद आहे, आणि खाली एक ओळ आहे, ‘आई विचारेल म्हणून लिहितो, आपण आहोत, त्यांनी लिहून दिलं.’

ही ओळ वाचून काकांची आई काय म्हणाली असेल? तिला तर कधी शंकाच नव्हती. अलिबागच्या बाजारात तिला कुणी विचारलं नव्हतं तू खरी इस्राएल का म्हणून.

आता राहिलेल्यांचं. गेलेल्यांवर लिहिलं जातं, राहिलेल्यांवर कुणी लिहीत नाही. ज्यूंमध्ये सार्वजनिक प्रार्थनेसाठी दहा मोठे पुरुष लागतात, मिन्यान म्हणतात. नऊ असतील तर नाही. काकांचं अर्धं आयुष्य हे दहा जमवण्यात गेलं असं म्हटलं तरी चालेल. रेवदंड्यात, पेणला, पोयनाडला, रोह्याजवळ अष्टमीला, पनवेलला, सगळीकडे सिनेगॉगं, आणि सगळीकडे माणसं मोजून. दार फाळणीचा सण, म्हणजे योम किप्पूर, मोठा उपासाचा दिवस, तेव्हा मुंबईहून मुलं येणार, तेवढ्यावर भागायचं. एरवी शनिवारी सकाळी काका पायरीवर उभे राहून रस्त्याकडे बघायचे. एखादा एस.टी.तून उतरला की त्यांचा चेहरा असा फुलायचा. पुढे पुढे तर एखादा आजारी पडला की काकांना आधी त्याच्या तब्येतीची काळजी आणि लगेच आकड्याची, आणि ही दुसरी काळजी केल्याबद्दल त्यांना फार वाईट वाटायचं, बोलून दाखवायचे आमच्या बाबांपाशी. बाबा म्हणायचे मी येऊन बसतो की. बाबा बसलेही असते. पण तसं चालत नाही, आणि बाबांना ते कळत होतं तरी ते म्हणायचे.

काकांवर भावांचा दबाव होता, या म्हणून. आणि इथे नोकरीत, विशेषतः १९९२ च्या आधी, म्हणजे दोन्ही देशांचे पूर्ण राजनैतिक संबंध नव्हते तेव्हा, कुणीतरी बोलायचंच, तुम्ही काय, आज ना उद्या जाणार. चेष्टेत असेल, पण प्रमोशनच्या वेळी, घर बांधायला काढलं तेव्हा, मुलाला दहावीला मार्क चांगले पडले तेव्हा, ‘आता हा तिकडे जाईल ना?’ तिकडे भाऊ म्हणायचे अजून का राहिलायस आणि इकडे साहेब म्हणायचा अजून का गेला नाहीस. काका फार शांत माणूस. एकदाच चिडलेले मी पाहिले. म्हणाले, ‘आंग्र्यांच्या आधीपासून आहोत आम्ही इथं, मला कोण विचारतो कधी जाणार!’ आणि त्याच संध्याकाळी पासओव्हर या सणाच्या जेवणाला बसून नेहमीप्रमाणे प्रार्थनेतलं वाक्य म्हणाले, पुढच्या वर्षी जेरुसलेममध्ये. दोन्ही वाक्यं मनापासून. मला लहानपणी यात काही विसंगत वाटलं नाही आणि आताही वाटत नाही.

त्यांची मुलं मात्र वाटली गेली. मुलगी लग्न होऊन अश्दोदला, मुलगा ठाण्याला. ठाण्यात आता चांगली वस्ती आहे, सिनेगॉग भरतं, सणाला हॉल घ्यावा लागतो. महाराष्ट्र सरकारने २०१६ मध्ये ज्यूंना अल्पसंख्याक दर्जा दिला, तेव्हा मुलाला कुणी कुणी अभिनंदनाचे मेसेज पाठवले. तो मला म्हणाला, ताई, आनंद आहे, कागदपत्रांना बरं पडतं, पण इतकी वर्षं आम्ही फॉर्मवर ‘इतर’ मध्ये टिक करायचो आणि कुणाला काही वाटत नव्हतं. २००८ ला मुंबईतल्या ज्यूंच्या केंद्रावर, नरिमन हाउसवर, हल्ला झाला त्यानंतर सिनेगॉगांबाहेर पोलीस आले. मावशींना ते फार लागलं. पोलिसांना त्या चहा द्यायच्या, आणि म्हणायच्या, यांना इथे बसवायची वेळ आली म्हणजे काहीतरी गेलं आपलं.

तिकडे मुलीचं वेगळंच. तिच्या घरात चपाती-भाजी, खोबऱ्याचं वाटण, महाराष्ट्र दिनाला जमणं, नाचगाणी. तिकडच्या मराठी मंडळींनी ‘मायबोली’ नावाचं नियतकालिक वर्षानुवर्षं चालवलं, मुलगी त्याचे जुने अंक जपून आहे. पण तिच्या मुलाला मराठी समजतं, बोलत नाही. तो तिथे सैन्यात गेला, बहुतेक सगळ्या ज्यू मुलामुलींना जावंच लागतं. ऑक्टोबर २०२३ नंतर काय काय झालं ते सगळ्यांना माहितीये. रात्री सायरन वाजला की मुलगी जिन्याखालच्या शेल्टरमधून मावशींना व्हॉट्सॲपवर ‘ठीक आहोत’ एवढंच टाकायची, आणि मावशी तो मेसेज आला की मग झोपायच्या. त्याच दिवसांत ठाण्याच्या नातवाला कॉलेजमध्ये मुलांनी विचारलं, तू कोणाच्या बाजूने? एकाने कौतुकाने विचारलं, एकाने रागाने. तो दोघांनाही काही बोलला नाही. घरी येऊन मात्र बापाशी भांडला. त्याला गाझातल्या मुलांचे व्हिडिओ बघवत नव्हते, आणि आत्या शेल्टरमध्ये होती हेही खरं होतं, आणि फॅमिली ग्रुपवर त्याने काहीतरी लिहिलं त्यावर तिकडच्या चुलत भावंडांनी त्याला सुनावलं, तुला काय कळतंय तिकडे बसून. तो ग्रुपमधून बाहेर पडला. मावशींनी त्याला परत घ्यायला लावलं. एवढंच म्हणाल्या की एलियाहूच्या ताटात सगळ्यांचा हात पडतो, कुणी उठून जायचं नाही.

मला या मुलाबद्दल फार वाटतं. कारण आता त्याला जे विचारतात ते त्याच्या आजोबांना विचारायचे त्यापेक्षा वेगळं आहे. आजोबांना विचारायचे तू जाणार कधी. याला विचारतात तू आहेस कोणाचा, आणि उत्तर तयार असतं विचारणाऱ्याकडे. जे इस्राएलचं कौतुक करतात त्यांना हा मुलगा त्यांच्या कौतुकाचा पुरावा म्हणून हवाय, जे चिडलेत त्यांना राग काढायला. इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला असलेल्या, अलिबागला आला की माझ्याकडून तांदळाच्या भाकऱ्या मागून घेणाऱ्या पोराला यातलं काहीही व्हायचं नाहीये.

घराचा प्रश्न आता आलाय. आळीतली घरं जातायत, होमस्टेवाल्यांना फार मागणी आहे. मुलगा म्हणतो ठाण्याला चल, मुलगी म्हणते इकडे ये, तुझी सगळी दीरजावांची पोरं इकडे आहेत. मावशी म्हणतात काका इथल्या कबरस्तानात आहेत, मी त्यांच्याशेजारी. मग मुलगी म्हणते अगं पण नंतर तिथे बघणार कोण. हे बोलणं व्हिडिओ कॉलवर मोठ्या आवाजात चालतं कारण मावशींना कमी ऐकू येतं, त्यामुळे अर्ध्या आळीला माहितीये. काही ठरलेलं नाही.

ठरलं आहे ते एकच, मावशींच्या सासऱ्यांच्या कीर्तनाच्या वहीचं. जाड पुठ्ठ्याची वही, युसुफाचं आख्यान, हाताने लिहिलेलं. मुलीला ती तिकडे हवी, भावाला इकडे, नातवंडांपैकी एकाला देवनागरी वाचता येत नाही आणि दुसऱ्याला येतं पण जुनी अक्षरं लागत नाहीत. म्हणून मी ती टाइप करतेय, थोडी थोडी, फोटो काढून, न लागलेले शब्द मावशींना विचारून. युसुफाला भावांनी विकलं तिथपर्यंत झालंय. झालेला भाग दोघांना पाठवला, म्हटलं चाली सांगा, वहीत नुसतं साकी, दिंडी एवढंच लिहिलंय. दोघांनी व्हॉइस नोट पाठवल्या. एकाच साकीच्या दोन वेगळ्या चाली, आणि दोघंही शपथेवर सांगतायत की बाबा हीच म्हणायचे. त्यावरून त्यांचं परवा पाऊण तास वाजलंय. मावशींना म्हणून दाखवायला सांगितलं तर त्यांची तिसरीच. तिन्ही रेकॉर्ड करून ठेवल्यात, आणि येत्या मलिद्याला सागावला दोघं बहीणभाऊ असतील तेव्हा समोरासमोर म्हणून घेणार आहे.